फादरबापूंची फिडल

गास, ता. वसई
६ नोव्हेंबर २०२५

लिंबी तांड्याचे नायक यांस,

सप्रेम नमस्कार.

मी कतरीन डाबरे, माहेरची तुस्कानो. वय त्र्याहत्तर. पस्तीस वर्षं इथल्या शाळेत मराठी शिकवून निवृत्त झाले. तुमच्या तांड्याजवळच्या मिशनमध्ये एकवीस वर्षं राहिलेले फादर इनास हे माझे थोरले भाऊ. २०२१ च्या साथीत तुमच्याकडच्या आजाऱ्यांची सेवा करताना ते गुड फ्रायडेच्या दिवशी गेले. त्यांच्यासोबतचे तरुण फादर मथाई त्यांच्या बारा दिवस आधीच गेले होते. तेव्हा सगळं बंद, आम्हाला येता आलं नाही. यवतमाळचा दफनविधी मी मुलाच्या मोबाईलवर पाहिला, तोही अर्ध्यात अडकला.

इतकी वर्षं मिशनचं घर कुलपात होतं. गेल्या महिन्यात यवतमाळच्या फादरांनी ते उघडलं आणि भावाची पेटी मला पाठवली. पेटीत दोन झगे, चष्मा, मणी झिजलेली जपमाळ आणि कागदाच्या पुडीत भेंडीचं बी निघालं. पुडीवर त्याच्या अक्षरात "मे महिन्यात लावणे" असं लिहिलेलं. फिडल मात्र नव्हती.

फिडल म्हणजे व्हायोलिन. आमच्याकडची जुनी माणसं फिडलच म्हणतात. ती आमच्या वडिलांची. ते चर्चमध्ये वाजवायचे. इनास सेमिनरीत गेला तेव्हा वडिलांनी ती त्याला दिली. तुमच्यापैकी कोणी ती पाहिली आहे का? असल्यास मला ती परत हवी आहे.

फोन करू नये. मला फोनवर ऐकू येत नाही. उत्तर पत्रानेच द्यावे, आणि पत्रावर तारीख घालावी.

आपली,
कतरीन डाबरे

*

लिंबी तांडा, ता. दारव्हा
१९ नोव्हेंबर २०२५

आदरणीय कतरीनबाई,

जय सेवालाल.

तुमचं पत्र आमच्या नायकांना, शंकरसिंगकाकांना मिळालं. त्यांनी ते देवळापुढे सगळ्यांसमोर माझ्याकडून वाचून घेतलं आणि उत्तराचं काम माझ्यावर टाकलं. मी इंद्रजीत राठोड. वय एकोणपन्नास. शिक्षण गावच्या शाळेत दहावीपर्यंत. चार एकर शेती आहे आणि दारव्ह्याच्या रस्त्यावर माझी प्रवासी जीप चालते. तुमचे भाऊ आमचे फादरबापू. आमच्यात वडीलधाऱ्याला बापू म्हणतात. एकवीस वर्षांत त्यांनी इथं एकाचाही धर्म विचारला नाही आणि आम्हीही त्यांचा कधी विचारला नाही.

तुम्हाला तेव्हाचं कोणी नीट सांगितलं नसेल म्हणून लिहितो. त्या वर्षी साथ आमच्या जिल्ह्यात फेब्रुवारीतच परत आली. ऊसतोडीहून लोक परतले आणि आठ दिवसांत घराघरात ताप. दवाखान्यात नेलेला माणूस परत येत नाही अशी हूल उठली होती. त्यामुळे कोणी घर सोडेना. तेव्हा दोन्ही फादर तांड्यात आले, शाळेचं कुलूप उघडलं आणि आपल्याच खाटा तिथं आणून टाकल्या. फादरबापू म्हणाले, दवाखान्यात जायचं नसेल तर नका जाऊ, इथं या, आम्हीपण इथंच झोपणार आहोत. मग लोक आले. दोन खोल्यांत एकोणीस माणसं होती.

फादर मथाई स्वयंपाक करायचे. ते केरळचे, मराठी नवीन. सगळ्यांना "अहो" म्हणायचे, बकरीलासुद्धा. "अहो, इकडे या" म्हटलं की माणसं हसायची, आणि हसताना खोकला यायचा, म्हणून त्यांनी बकरीशी बोलणं बंद केलं. त्यांच्या सांबारात खोबरं असायचं. आमच्या बाया नाकं मुरडत खायच्या. आता त्याच बाया त्यांच्या दिवशी तसलं सांबार करतात. चव जमत नाही, पण करतात.

तांड्याच्या तोंडाशी लिंबाखाली आम्ही एक ओटा बांधला आहे. त्यावर दोघांच्या नावाचे दोन दिवे लागतात. जीप बाहेर काढण्याआधी मी रोज तिथं पाच मिनिटं बसतो. काही मागत नाही. नुसतं बसलं तरी बरं वाटतं.

सारंगी (आम्ही तिला सारंगी म्हणतो) सुखरूप आहे. सेवालाल महाराजांच्या देवळात लाल कापडात ठेवली आहे. तिची पूजा होते. तिच्याबद्दल पुढे कधी सविस्तर लिहीन.

सोबत तुरीची डाळ पाठवतो आहे. घरची आहे.

आपला,
इंद्रजीत

*

गास, वसई
२ डिसेंबर २०२५

चि. इंद्रजीत,

तुम्ही माझ्या मुलाच्या वयाचे, म्हणून चिरंजीव लिहिते. डाळ पोचली, शिजलीही छान. बकरीला "अहो" म्हणणारे फादर मथाई वाचून मी इतकी हसले की सून स्वयंपाकघरातून बघायला आली. इनासच्या पत्रांत ते "मथाई चांगला पोरगा आहे" एवढेच यायचे. या दोघांमागे कोणी आठवण काढणारं असेल की नाही, या काळजीत मी पाच वर्षं होते. तुम्ही दोन दिवे लावता. आता निदान ती काळजी गेली.

फिडल सुखरूप आहे हे वाचून मी देवाचे आभार मानले. पण पूजा कसली? ते वाजवायचं वाद्य आहे. तुमच्यात ती वाजवतं कोण?

मला घाई का आहे ते सांगते. माझ्या कानातलं छोटं हाड आखडत चाललं आहे. उजवा कान गेला, डाव्यात थोडं उरलं आहे. डॉक्टर म्हणतात, हा उन्हाळा निघाला तर नशीब. या वयात शस्त्रक्रिया नको असं मुलाचं आणि माझं ठरलं. जे ऐकायचं ते बहुतेक ऐकून झालं आहे. फक्त वडिलांची फिडल तेवढी एकदा ऐकायची राहिली. लहानपणी वडिलांनी आम्हा दोघांनाही शिकवलं. इनास तालात कच्चा, मी पक्की, पण सेमिनरीत तो गेला आणि फिडल त्याच्याबरोबर गेली. तिचा आवाज ओळखून मग बाकीचं गेलं तरी चालेल.

आणि एक विचारते. त्याला यवतमाळला कोणी नेलं? शेवटी त्याच्याजवळ कोण होतं? हे मला आजवर कोणीही सांगितलेलं नाही.

तुमची,
कतरीनबाई

*

गास, वसई
३ जानेवारी २०२६

चि. इंद्रजीत,

नाताळ झाला, नवं वर्ष लागलं, उत्तर नाही. मध्ये फक्त तुमचं ज्वारीचं पोतं आलं, त्यात चिठ्ठी नव्हती.

मी पस्तीस वर्षं वर्गात काढली आहेत. प्रश्न विचारल्यावर जो मुलगा खिशातून बोरं काढून बाईंपुढे धरतो, त्याचा गृहपाठ झालेला नसतो.

ज्वारी उत्तम आहे. आता उत्तर द्या.

कतरीनबाई

*

लिंबी तांडा
१२ जानेवारी २०२६

आदरणीय बाई,

गृहपाठ झाला नव्हता हे खरं आहे. आज तो करायला बसलो आहे. आधी सोपा प्रश्न घेतो.

सारंगी वाजत नाही. पहिल्या वर्षी आम्ही ती देवळातून काढली आणि ओट्यावर मीच गज फिरवून पाहिला. ती करकरली. माझी आई धुरपताबाई पुढेच बसली होती. आमचे पूर्वज बैलांवर माल लादून देशभर फिरणारे, पुढे गाड्या आल्या, आता माझी जीप. कोणतीही वस्तू करकरली की आमच्या घराला एकच औषध माहीत आहे. आई म्हणाली, "कोरडी पडली ते. चाक करकरलं का वंगण लावतेत ना बापा? हे तर देवाची वस्तू, इले तूप लाव." मी गजाच्या केसांना तूप लावलं, तारांनाही लावलं. गाईचं, घरचं. त्यानंतर तिनं आवाजच केला नाही. गज नुसता घसरतो. दर वर्षी आम्ही पुन्हा तूप लावतो, शेंदूर लावतो, ती पुन्हा गप्प. तांड्यात म्हणतात सारंगी बापूंसाठी रुसली. मला मनातून वाटतं ती मीच बिघडवली. तुम्हाला ती एकदा ऐकायची आहे हे वाचलं आणि माझा हात लिहायला उचलेना.

शिवाय नायकांचं म्हणणं आहे, "द्याची नाई सारंगी. बापू गेले, आता ते बी गेली तं तांड्यात राह्यलं काय?" हेही तुमच्यापासून लपवलं होतं.

आता अवघड प्रश्न.

तुमच्या भावाला यवतमाळला मी नेलं. पण पहिल्या खेपेला नेलं नाही. होळीनंतरच्या मंगळवारी दुपारी माझी आई आणि फादरबापू, दोघांचाही श्वास वर लागला होता. फादर मथाई जाऊन नऊ दिवस झाले होते. शंभर ठिकाणी फोन केले तेव्हा यवतमाळला एक खाट मोकळी असल्याचं कळलं. एकच. जीप मी शाळेच्या दाराशी लावली. मला काही सुचत नव्हतं. बापूंनी खाटेवरूनच हात केला आणि म्हणाले, "पहिली खेप धुरपताबाईची. मी दुसऱ्या खेपेले येतो."

बाई, मी एक शब्दही बोललो नाही. आईला उचललं आणि निघालो. दुसरी खाट मिळाली ती दुसऱ्या दिवशी सकाळी. तेव्हा त्यांना घेऊन गेलो. रस्त्यात ते मागच्या सीटवर पडून माझ्या गिअर टाकण्याला नावं ठेवत होते. आत नेताना मला म्हणाले, गाडी हळू चालव. शुक्रवारी ते गेले. आत कोणाला सोडत नव्हते, मी बाहेर लिंबाच्या पारावर होतो. त्यांच्याजवळ कोणी नव्हतं असं मी म्हणणार नाही, कारण देव होता असं मी मानतो. पण माणूस कोणी नव्हतं.

तुमच्या भावाची खाट माझ्या आईनं घेतली आणि गाडी मी चालवली. ती आज एक्क्याऐंशीची आहे, ठणठणीत आहे. ती हसते तेव्हा मला बरं वाटतं आणि त्याच वेळी तुमच्यासारखं कोणीतरी कुठंतरी बसलं असेल असंही वाटतं. आता तर तुम्ही पत्रच लिहिलंत.

याउपर तुम्ही म्हणाल तसं.

इंद्रजीत

*

गास, वसई
२४ जानेवारी २०२६

चि. इंद्रजीत,

तुमचं पत्र मी तीनदा वाचलं. पहिल्यांदा रडले, ते माझं मी आवरलं. दुसऱ्यांदा "खेपेले" या शब्दाशी थांबले. आमचा इनास "खेपेले" म्हणाला? घरी आला की तो आमचीच वसईची बोली बोलायचा. तुमची भाषा त्याच्या तोंडात इतकी बसली होती हे मला माहीत नव्हतं. तिसऱ्यांदा वाचताना मला त्याचा जुना राग आला.

तो लहानपणापासून असाच. चर्चमधून प्रसादाची केळी वाटली की हा रांगेत शेवटी. केळी संपायची आणि हा हात हलवत घरी यायचा. मी त्यावरून त्याला बडवलं आहे. मी चार वर्षांनी लहान, तरी बडवलं आहे. तो म्हणायचा, कतू, शेवटी उभं राहिलं की सगळी रांग दिसते. ज्याला सत्तर वर्षं कोणी पुढे ढकलू शकलं नाही, त्याला तुम्ही एका दुपारी ढकलणार होतात?

खेप त्यानं ठरवली. तुम्ही फक्त गाडी चालवलीत, आणि माझ्या मते चांगली चालवलीत, कारण धुरपताबाई पोचल्या. पाच वर्षं तुम्ही जे वाहताय ते आता उतरवा. तुमची माणसं पिढ्यान्‌पिढ्या माल वाहणारी. मुक्कामाला पोचल्यावर माल उतरवायचा असतो हे मी तुम्हाला काय सांगू.

धुरपताबाईंना माझा नमस्कार सांगा. त्या हसतात कशावर, तेही कळवा.

आता फिडलबद्दल. वाचून मी इतकी ओरडले की माझं मलाच ऐकू आलं. तूप! अहो, गजाच्या केसांना राळ लावतात. गज तारेला चिकटावा, घासला जावा, तेव्हा आवाज होतो. तुम्ही त्याला घसरगुंडीवर बसवलंत. ती रुसलेली नाही, तिला पाच वर्षं तुपात ठेवली आहे. लाकूड मात्र चांगलं राहिलं असेल.

सोबत नवा गज, तारांचा जुडगा आणि राळ पाठवते. जुन्या तारा काढा. लाकूड कोरड्या मऊ फडक्यानं पुसा, पाणी लावू नका. तारा बसवायची रीत कागदावर चित्र काढून दिली आहे. राळ गजाला सावकाश चोळा, आधी काही लागत नाही असं वाटेल, चोळत राहा. तूप घराबाहेर ठेवा.

तुम्ही त्याचा दिवस कधी करता? मी येते. राखेच्या बुधवारच्या आधी, म्हणजे १८ फेब्रुवारीच्या आत, नाहीतर थेट ईस्टरनंतर, ५ एप्रिलच्या पुढे. मधल्या उपवासकाळात आमच्या घरी वाद्य वाजत नाही. वडील राखेच्या बुधवारी फिडल कापडात गुंडाळून भिंतीवर टांगायचे, ती ईस्टरच्या सकाळीच खाली यायची. ते मी आजवर मोडलेलं नाही. एप्रिलपर्यंत कान टिकेल अशी आशा आहे.

कतरीनबाई

*

लिंबी तांडा
५ फेब्रुवारी २०२६

आदरणीय बाई,

तुमचं पत्र मी ओट्यावर बसून वाचलं. नंतर दारव्ह्याची सकाळची खेप चुकली, प्रवाशांनी शिव्या दिल्या, मला त्या लागल्या नाहीत. एवढंच लिहितो, जास्त जमत नाही.

आईला तुमचा नमस्कार सांगितला आणि दोन खेपांची गोष्टही पहिल्यांदाच सांगितली. तिला ती माहीत नसेल असं मला वाटत होतं. ती म्हणाली, "मले काय बेसुध समजला का तू? म्या ऐकलं ना तवाच. म्हून तं रोज दिवा मी लावतो, तू नुसता बसते." पाच वर्षं आम्ही माय-लेक एकाच ओट्यावर एकमेकांपासून तेच लपवत होतो. मग ती हसली. कशावर ते मलाही कळलं नाही, पण तुम्ही विचारलं होतं म्हणून कळवतो.

पार्सल पोचलं. तारा बसवणं माझ्यानं होईना, म्हणून सारंगी दारव्ह्याला जहीर मिस्त्रीकडे नेली. माझी जीप त्याच्यामुळेच चालते. त्याला सगळी हकीकत सांगितली तर तो पान्हा खाली ठेवून म्हणाला, "भाऊ, वंगण लावून वाजत असतं ना, तर माझ्या गॅरेजात कव्वाली चालू राह्यली असती." पण हात साबणानं दोनदा धुऊन, तुमचं चित्र समोर ठेवून, त्यानं चारही तारा बसवल्या. राळ चोळली आणि गज ओढला. बाई, वाजली. आवाज चांगला नव्हता. आई म्हणाली म्हैस रेकली. पण अख्खा तांडा देवळापुढे जमला आणि ज्याला त्याला एकदा गज ओढायचा होता. नायकांनी ओढला, तीनदा ओढला, आणि डोळे पुसत घरी गेले.

आता बापूंचा दिवस. आम्ही तारीख धरत नाही, तिथी धरतो. ते गेले त्या दिवशी गुड फ्रायडे होता तशी आमची रंगपंचमीही होती. म्हणून दर रंगपंचमीला ओट्याजवळ लेंगी होते. लेंगी म्हणजे आमची होळीची गाणी, फेर धरून नाचत म्हणायची. यंदा ८ मार्चला आहे. ते तुमच्या उपवासकाळात येतं हे मला माहीत आहे. तरी तुम्ही त्याच दिवशी यावं असं मी म्हणतो, आणि त्याला कारण आहे. एक गोष्ट मी तुम्हाला सांगू नये असं बापूंनी मला बजावलं होतं. ती आज सांगतो.

त्या वर्षी होळी पेटवायला बंदी होती. आमच्यात होळीएवढा मोठा सण नाही. शाळेत एकोणीस माणसं पडलेली, त्यातल्या ताप उतरलेल्यांनीही भिंतीकडे तोंडं केली होती. संध्याकाळी बापूंनी मिशनमधून सारंगी मागवली. त्यांना स्वतःला ताप होता. व्हरांड्याच्या टोकाला खुर्ची टाकून त्यांनी लेंगी वाजवायला घेतली. एकवीस होळ्या त्यांनी ऐकल्या होत्या, चाल पाठ होती. ताल चुकत होता, तुम्ही म्हणता तसाच. आधी कोणी हललं नाही. मग आतून माझ्या आईनं खोकत खोकत पहिली ओळ धरली, आणि मग सगळ्यांनी. झोपूनच टाळ्या.

थांबल्यावर ते मला म्हणाले, आमच्या घरी या दिवसांत ही भिंतीवर असते, कतूला कळलं तर माझी खैर नाही. मी विचारलं, मग काहून वाजवली? तर म्हणाले, "गाणं बंद ठेवतो ते देवासाठी. देव तर इथंच पडला आहे, खोकून राह्यला. त्याले ऐकू नको का येऊ?" आणि म्हणाले, तिले सांगजो नको.

मी सांगितलं. काय शिक्षा ती द्या, पण इथं येऊन द्या.

इंद्रजीत

*

गास, वसई
१६ फेब्रुवारी २०२६

चि. इंद्रजीत,

परवा राखेचा बुधवार. मी फादरांना विचारलं नाही. इनासला विचारलं, आणि तो काय म्हणाला ते तुम्ही लिहिलंच आहे.

७ मार्चला मुलगा मला घेऊन बडनेऱ्याला उतरेल. तुमची जीप आणा, हळू चालवा. मी तिखट खाते. त्याच्या दिवशी फादर मथाईंचं सांबार करणार असाल तर खोबरं मी आणते, आमच्या वाडीतलं आहे.

फिडलला तोपर्यंत कोणीही हात लावू नये. नायकांनीही नाही.

कतरीनबाई

*

लिंबी तांडा
१५ मार्च २०२६

आदरणीय बाई,

तुम्ही सुखरूप पोचल्याचा तुमच्या मुलाचा निरोप मिळाला. तुम्हाला ऐकू कमी येतं, म्हणून त्या दिवशी तुमच्या पाठीमागे लोक काय काय बोलले ते लिहून पाठवतो. तुमच्या वाट्याचं तुमच्याकडे पोचलं पाहिजे.

तुम्ही जीपमधून उतरून ओट्याला हात लावलात तेव्हा आई म्हणाली, "हे बापूची बहीण नाई. बापूच आहे, लुगडं नेसून आला." मग तुम्ही तिला मिठी मारलीत. तुमच्या खांद्यावरून ती मला म्हणाली, "किती वाळली रे हे. काही खाऊ घाल." सांबाराबद्दल बाया म्हणाल्या की इतकी वर्षं आपल्याकडच्या जुनाट खोबऱ्यानं घात केला होता.

तुम्ही सारंगी खांद्यावर ठेवून खुंट्या पिळत बसलात तेव्हा पोरं कंटाळली. नायक त्यांना दटावत होते, "चूप बसा बे, गाडी गरम होऊन राह्यली." मग तुम्ही डोळे मिटून वाजवायला लागलात. ती चाल आमच्यापैकी कोणालाच माहीत नव्हती. सावकाश होती, गोड होती. लग्नातली असेल असं मला वाटलं. तुमच्या शेजारी बसलेल्या आमच्या कांताबाईनं टाळी धरली, मग सगळ्या बायांनी धरली. टाळी जरा जलद पडली तशा तुम्हीही जलद झालात. केव्हा फेर सुरू झाला कळलं नाही. बाया त्या चालीवर लेंगीचे शब्द म्हणत होत्या आणि ते बसत होते. जहीर मिस्त्री कडेला उभा राहून मान हलवत होता. म्हणाला, "तारा मी बसवल्या, हे यांना कोणी सांगा तरी." आता सांगितलं.

मी नाचलो नाही. मी तुमच्याकडे पाहत होतो. शेवटी तुम्ही डोळे उघडून असं हसलात की माझ्याच्यानं राहवलं नाही, मग मीही फेरात गेलो. पाच वर्षांनी गेलो. आई तालावर डोलत बोट दाखवून हसत होती. या वेळी कशावर हसते ते मला कळलं.

आता कामाचं. तुम्ही जाताना सारंगीबद्दल अवाक्षर काढलं नाहीत, ती ओट्यावर ठेवून गाडीत बसलात. त्याच संध्याकाळी नायकांनी सगळ्यांना बोलावलं. मग नायक स्वतःच म्हणाले, "आपण तिले तुपात ठेवली. ते बाई तिले बोलतं करते. ज्याच्या हाती बोलते त्याची ते." कोणीही नाही म्हटलं नाही. बाया रडल्या, पण नाही म्हटलं नाही. ईस्टरला ती तुमच्या घरी भिंतीवरून खाली यायला हवी, म्हणून ४ एप्रिलला मी घेऊन येतो.

राळेचा तुकडा तेवढा आम्ही ठेवून घेऊ का? देवळात ठेवू. त्याला तूप लावणार नाही.

इंद्रजीत

*

गास, वसई
८ एप्रिल २०२६

चि. इंद्रजीत,

तुम्ही परवा निघालात आणि घर रिकामं वाटतं. तुमचं पत्र जपून ठेवलं आहे. जहीर मिस्त्रींना माझा सलाम सांगा, तारा उत्तम लागल्या होत्या.

तुमच्यासमोर बोलायचं राहून गेलं, मला तोंडी बोलण्यापेक्षा लिहिणं सोपं जातं. मी वाजवलं ते लग्नाचं गाणं नव्हतं. ते गुड फ्रायडेचं होतं. येशूचं शव क्रुसावरून उतरवताना आमच्याकडे ते म्हणतात, लोक हुंदके देतात. वडिलांनी शिकवलेलं एवढंच मला पूर्ण आठवत होतं. इनास त्या दिवशी गेला म्हणून मी ते निवडलं, आणि डोळे उघडते तो तुम्ही सगळे त्यावर नाचताय. क्षणभर वाटलं थांबावं. मग वाटलं, गुड फ्रायडेनंतर तीन दिवसांनी काय होतं ते आम्हीच तर जगाला सांगत असतो. या लोकांनी तीन दिवस वाट पाहिली नाही, एवढंच. मग मी गज जोरात ओढला.

दुसरं. कानानं मला त्या दिवशी फार थोडं आलं. पण फिडल हनुवटीखाली धरली की आवाज जबड्याच्या हाडातून आत शिरतो. लहानपणी हे कधी लक्षात आलं नव्हतं. डॉक्टरांना विचारलं. ते म्हणाले, तुमचा दोष कानातल्या छोट्या हाडाचा आहे, आतला भाग शाबूत आहे, कान गेला तरी हे राहील. म्हणजे उन्हाळ्याची भीती मी उगाच बाळगली. ईस्टरच्या सकाळी तुम्ही दाराशी उभे होतात तेव्हा मी वाजवलं, ते मला पूर्ण ऐकू आलं. चुका धरून. माझी नात शिकायला बसली आहे, तिला ताल आहे.

तिसरं, आणि हे नायकांना देवळापुढे वाचून दाखवा.

फिडल माझी आहे असं तुम्ही ठरवलंत, ते मला मान्य. मग तिचं काय करायचं ते मी ठरवणार. मी पंचांग आणि आमचं कॅलेंडर शेजारी ठेवून बसले. तुमची रंगपंचमी गेल्या सहाही वर्षी आमच्या उपवासकाळात आली आहे, पुढच्या वर्षीही येते. त्या दिवसांत फिडल आमच्या भिंतीवर कापडात मुकी टांगलेली असणार. ज्या दिवसांत ती इथं वाजू शकत नाही, नेमकी त्याच दिवसांत ती तिकडे वाजली पाहिजे. तेव्हा दर वर्षी राखेच्या बुधवारी ती तुमची, आणि ईस्टरच्या आदल्या दिवशी ती आमची. माझ्यानंतर माझी नात हे चालवेल, तुमच्यानंतर कोण ते तुम्ही बघा. माल वाहून नेणारं घर आहे तुमचं, ही एक खेप वर्षाला जड जाऊ नये.

पुढच्या वर्षी राखेचा बुधवार १० फेब्रुवारीला आहे. कपाळाला राख लावून, फिडल पेटीत घालून मी दाराशी बसलेली असेन. वेळेवर या. धुरपताबाईंना घेऊन या, त्यांनी समुद्र पाहिलेला नाही असं त्या म्हणाल्या.

आणि येताना तूप जरूर आणा. डाळीवर घालायला.

तुमची,
कतूताई